आवाजातला पोरगा

बहरीनमधल्या एखाद्या कारखान्यात तुम्ही कधी कामाला लागला असाल, तर तुमची नि माझी भेट झालेली आहे. नव्या माणसाला आत सोडण्याआधी एका थंडगार खोलीत बसवून सुरक्षेची फिल्म दाखवतात. ‘सीढ़ी पर चढ़ते समय मोबाइल जेब में रखिए’ असं तिच्यात जो माणूस दरडावतो, तो मी. वास्तविक मी देवरुखचा, हिंदी माझं रत्नागिरी जिल्ह्याच्या हद्दीतलं, आणि बोलणं हा माझा धंदाच नव्हे. मी ध्वनिमुद्रक. मनामातल्या एका गल्लीत, पडद्यांच्या दुकानाच्या डोक्यावर आमचा लहानसा स्टुडिओ होता. काचेच्या अलीकडे बसायचं, पलीकडे जो बोलेल त्याचा आवाज नीट उतरवून घ्यायचा, हे माझं काम. एकदा ठरलेला हिंदीवाला आलाच नाही, गिऱ्हाईक समोर ताटकळलेलं, म्हणून मालकांनी मलाच काचेच्या पलीकडे ढकललं. त्या दिवसापासून मआमीरपासून सित्र्यापर्यंतच्या कारखान्यांतल्या तमाम शिड्यांची जबाबदारी माझ्यावर येऊन पडली.

माझं कुणी ऐकतं का, ही शंका मात्र मला बरीच वर्षं होती. मग एकदा साखर तपासायला सलमानियाच्या इस्पितळात गेलो. शेजारच्या माणसाला हिंदीत विचारलं, रांग कुठून सुरू होते. त्यासरशी पुढच्या बाकावरचा, पायाला प्लास्टर घातलेला एक गडी गर्रकन वळला. चेहरा पाहून नव्हे, आवाज ऐकून. पाटणकडचा होता. मराठी माणूस आहे म्हटल्यावर त्याने माझे दोन्ही हात धरले आणि म्हणाला, “मास्तर, तुमचं ऐकलं न्हाय म्हणून ही वेळ आली.” तो शिडीवरूनच पडला होता, आणि मोबाइल हातातच होता. त्याला पलीकडून हाक आली तेव्हा लंगडत लंगडत जाताना त्याने इतरांना माझ्याकडे बोट दाखवून काहीतरी सांगितलं. माझ्या कामाची एवढी जाहीर पावती मला पुन्हा मिळाली नाही.

आता हा धंदा काय आहे ते थोडक्यात सांगतो. आवाज उतरवणं हे निम्मं काम, आणि नको ते आवाज घालवणं हे उरलेलं निम्मं. बांगड्या, किल्ल्या, नायलॉनची साडी, नवे बूट, सगळं बाहेर. माणसाचं पोट हा तर आमचा मोठा शत्रू. उपाशी पोट गुरगुरतं, भरलेलं पोट त्याहून जास्त, म्हणून येणाऱ्याला आम्ही अर्धी चपाती खाऊन यायला सांगायचो. आणि बहरीनमधला सगळ्यात मोठा आवाज म्हणजे एसी. मुद्रण चालू असताना तो बंदच ठेवायला लागतो. जुलै महिन्यात बंद खोलीत एसी घालवून उभं राहणं म्हणजे काय, हे ज्याने अनुभवलं नाही त्याला सांगून उपयोग नाही. बँकेच्या फोनवर ‘आपका कॉल हमारे लिए महत्त्वपूर्ण है’ असं गोड बोलणारी बाई आमच्याकडे बोलत असताना मानेवर ओला टॉवेल टाकून उभी असायची. पुढे तिचंच कार्ड अडकलं, तिने बँकेला फोन लावला, आणि स्वतःच्याच आवाजाने तिला इतका वेळ थांबवून ठेवलं की ती आमच्याकडे भांडायला आली.

गिऱ्हाइकं एकेक नमुना असायची. खजुराच्या एका व्यापाऱ्याला जाहिरातीत स्वतःचाच आवाज हवा होता. हा माणूस आयुष्यभर बाजाराच्या या टोकावरून त्या टोकाला बोललेला. त्याला माइकसमोरून मागे, मागून दाराशी, दारातून जिन्यात असं सरकवत नेलं. शेवटी तो जिन्याच्या तळाशी, पडद्यांच्या दुकानात उभा राहून बोलला तेव्हा कुठे माझ्या यंत्राचे काटे लाल पट्ट्यात जायचे थांबले.

पण मला सांगायचं आहे ते मिचिकोबाईंबद्दल. मिचिकोसान असं म्हणायला हवं, पण ‘सान’ म्हणजे आपलं राव किंवा बाईच, तेव्हा मी पहिल्यापासून मिचिकोबाईच म्हणत आलो. त्यांनाही ते चालायचं.

त्या आल्या तो दिवस आठवतो. आमचे मालक बू अली दुपारच्या जेवणाला घरी गेले होते. बू अली म्हणजे अलीचे वडील. तिकडे बापाला मुलाच्या नावाने हाक मारायची पद्धत आहे. त्यांची फिरती खुर्ची कुरकुरत होती, ती कासमचाचांनी नुकतीच दुरुस्त केली होती आणि कुरकुर गेली का बघायला ते तिच्यात बसून डुलत होते. कासमचाचा दाभोळकडचे. साठी उलटली होती, दाढी पांढरी झाली होती, पण व्हिसावर हुद्दा ‘ऑफिस बॉय’. चहा करणं, सुतारकाम, दाराच्या फटी बुजवणं, गिऱ्हाइकाला गाडी लावायला जागा शोधून देणं, सगळं तेच. तेवढ्यात दारातून एक बुटकीशी जपानी बाई आत आली. वय पंचावन्नच्या पुढे, पायात आवाज न करणाऱ्या कापडी चपला. खुर्चीतला भारदस्त म्हातारा हाच मालक असं समजून ती कमरेत वाकली आणि दोन्ही हातांनी मिठाईची पेटी पुढे केली. चाचांनी उठून दोन्ही हातांनी पेटी घेतली आणि आपण कमी पडायला नको म्हणून तिच्याहून जास्त वाकले. मग ती आणखी वाकली. मी मध्ये पडलो नसतो तर दोघांपैकी एकाच्या कमरेला तरी तेव्हाच उसण भरली असती.

बाईंनी इंग्रजीतून सांगितलं ते असं. नवरा जहाजदुरुस्तीच्या गोदीत इंजिनियर, मुक्काम जनाबियात. त्या स्वतः टोकियोत कार्टूनमध्ये आवाज देण्याचं काम करायच्या. नवऱ्याच्या नोकरीमुळे इकडे आल्या, पण त्यांचं एक पात्र अजून चालू होतं आणि ते त्यांना इथून बोलायचं होतं. चित्रं टोकियोतून येतील, आवाज आपण पाठवायचा. आमची खोली त्यांनी आधी पाहिली. मधोमध उभं राहून टाळी वाजवली, कान देऊन ऐकलं, मग एका कोपऱ्याकडे बोट दाखवलं. तिथे फळीमागे पोकळ होतं, ते मला ठाऊक होतं, पण आजवर एकाही गिऱ्हाइकाने ओळखलं नव्हतं. मग म्हणाल्या, एसी बंद करा, एक वाक्य बोलून बघते.

मी बटण दाबलं. बाई माइकपुढे उभ्या राहिल्या, खांदे जरासे वर घेतले, आणि त्या खोलीत दहा वर्षांचा एक पोरगा ओरडला. नुसता आवाज बारीक केला की मूल होत नाही, तो नवशिक्यांचा समज. हा पोरगा धावत आलेला होता, त्याला दम लागला होता, आणि त्याचा एक दात पडलेला होता. मी काचेतून बघत होतो तरी माझा विश्वास बसेना. कासमचाचा तर बघतही नव्हते. ते चहाचा ट्रे घेऊन आले, दारात थबकले आणि मला म्हणाले, “साळवी, पोरगा कोनाचा घेतलात आत? शाळा नाय काय त्याला आज?” मी सांगितलं तरी त्यांना पटेना. त्यांनी टेबलाखाली वाकून बघितलं आणि मगच चहा ठेवला.

पोराचं नाव सोता. एका छोट्या बेटावर तो आजोबांबरोबर राहतो, आजोबांची माणसं पलीकडे नेणारी होडी आहे, आणि सोता रोज काहीतरी घोळ घालून ठेवतो. एवढीच गोष्ट, पण ती जपानात वर्षानुवर्षं चालली होती. मुलगा दहाचा तो दहाचाच, आणि त्याचा आवाज पहिल्यापासून बाईंचा. खऱ्या मुलाचा आवाज चारदोन वर्षांत फुटतो, म्हणून तिकडे मुलांचे आवाज बायकाच काढतात. बू अलींना हे कळलं तेव्हा त्यांनी आपली हनुवटी चाचपली. लहानपणी शाळेतून आल्यावर त्यांनी जपानी कार्टून अरबीतून बघितलेली, सोताचंही. आपण ज्याच्यासारखं होडीवरून उडी मारायला गेलो आणि हनुवटीला टाके घालून घेतले, तो पोरगा समोर ग्रीन टी पीत बसला आहे, हे त्यांच्या पचनी पडायला वेळ लागला. मग म्हणाले, स्टुडिओ बाईंसाठी केव्हाही मोकळा, मफी मुश्किल, काही अडचण नाही.

बाईंच्या काही रीती आम्हाला सवयीच्या झाल्या. दुपारी चारला आल्या तरी ‘गुड मॉर्निंग’ म्हणायच्या, कारण त्यांच्या धंद्यात कामाला सुरुवात झाली की सकाळ. कासमचाचाही मग दिवसभर येईल त्याला गुड मॉर्निंग म्हणायला लागले. वाचायचे कागद त्या असे उलटायच्या की माझ्या यंत्राचा काटा हलायचा नाही. पोटावर छोटी उशी बांधायच्या, गुरगुर बाहेर पडू नये म्हणून. अजान सुरू झाली की आम्ही सगळं थांबवायचो आणि त्या वेळात त्या चहा प्यायच्या. चाचांशी त्यांचं बोलणं हिंदीतल्या मोजक्या शब्दांवर आणि हातवाऱ्यांवर चालायचं. चाचा त्यांना ‘बाय’ म्हणायचे. आमच्याकडे घरातल्या मोठ्या बाईला म्हणतात तसं.

अशी एकदोन वर्षं छान गेली. मग एका हिवाळ्यात आजोबांचं काम करणारे नट टोकियोत वारले. पहिल्या दिवसापासून ते नि बाई शेजारशेजारच्या माइकवर उभे राहून बोललेले. बाईंचा पासपोर्ट बहरीनच्या व्हिसासाठी कचेरीत अडकला होता, त्यामुळे त्यांना अंत्यदर्शनालाही जाता आलं नाही. आमच्याकडे आल्या तेव्हा त्यांनी नेहमीसारखं गुड मॉर्निंग म्हटलं आणि उशी बांधायला घेतली. पण त्या दिवसापासून काम बिघडलं.

इथे जपानी पद्धत सांगायला हवी. तिकडे सगळे नट एकाच खोलीत, समोर पडद्यावर चित्र, ज्याचं वाक्य तो पुढे येऊन माइकपाशी उभा राहतो, बोलतो आणि पाऊल न वाजवता मागे सरकतो. एकाच्या श्वासावर दुसरा बोलतो. बहरीनला आल्यावर बाई एकट्या पडल्या. बाकीच्यांचे आवाज त्यांना कानातल्या हेडफोनवर ऐकू यायचे. कानातले आजोबा त्यांच्या ओळखीचे होते तोवर तेवढ्यावर भागायचं. कानात आवाज आला की ते समोर उभे दिसायचे. आता कानात नवा नट. माणूस गुणी होता, आवाज हुबेहूब काढायचा. पण बाई मला म्हणाल्या, हे दुसऱ्या कुणाचे तरी आजोबा आहेत. सोता त्यांच्याशी पाहुण्याशी बोलावं तसं अदबीने बोलायला लागला.

टोकियोलाही हे ऐकू गेलं. तिकडे आता नवे लोक आले होते. त्यांनी अत्यंत नम्र भाषेत कळवलं, की सोताचा मोठा सिनेमा येतो आहे, त्याचा शेवटचा प्रसंग सोबत पाठवला आहे, तेवढा बोलून पाठवा. तो मनासारखा झाला तर सिनेमा तुमचा. नाही तर टोकियोतल्या एका तरुण मुलीने सोताचा आवाज फार छान काढला आहे. बाईंनी मला हे वाचून दाखवलं आणि म्हणाल्या, जपानीत इतकं नम्र कुणी बोललं म्हणजे समजायचं की सामान बाहेर काढून ठेवलं आहे.

तो शेवटचा प्रसंग असा. सोता बोटी बांधायचं काम शिकायला दूर शहरात निघतो. आजोबा धक्क्यावर. सोता जहाजाच्या फळीवर चढतो. आजोबा म्हणतात, “जा.” सोता म्हणतो, “सायोनारा.” आणि जहाज हलतं. बस्स. लेखकाने मुद्दाम इतकंच ठेवलं होतं. बाईंनी समजावलं, की जपानी माणूस घरच्यांना सायोनारा म्हणत नाही. पुन्हा भेट नाही, असं ठाऊक असेल तेव्हाच म्हणतो.

बाई हेडफोन लावून उभ्या राहिल्या. बोलल्या. परत बोलल्या. एसी बंद, खोलीत आम्ही उकडून निघालो होतो. प्रत्येक सायोनारा शुद्ध, स्वच्छ, आणि विमानतळावरच्या घोषणेसारखा. त्यांना ते माझ्याआधी कळत होतं. शेवटी हेडफोन काढून त्या भिंतीला टेकल्या. “साळवीसान,” त्या म्हणाल्या, “समोर कुणी तरी उभं राहायला हवं.”

मी लगेच तयार. शेवटी बहरीनभर गाजलेला आवाज. बाईंसमोर दुसऱ्या माइकवर उभा राहिलो आणि हिंदीतून म्हणालो, “जाओ.” बाईंनी तोंडावर कागद धरला. म्हणाल्या, आजोबा नातवाला हेल्मेट घालायला सांगत आहेत असं वाटतं. मग बू अली आले. त्यांनी अरबीतून बोलायचं ठरवलं. त्यांचा उच्चार उत्तम, उभं राहणं उत्तम, पण समोरून सोता बोलायला लागला की ते थेट शाळकरी वयात जायचे. डोळे पाण्याने भरायचे आणि “यल्ला, चला, पुन्हा, पुन्हा” म्हणत वाक्यच विसरायचे. दोनदा तसं झाल्यावर त्यांनी स्वतःच सांगितलं, की मी बाहेर बसतो.

राहिले कासमचाचा. ते दारात ट्रे घेऊन उभेच होते. मी त्यांना समजावलं, की तुम्ही तुमच्या भाषेत बोललात तरी चालेल, फक्त आजोबा व्हा. चाचांनी ट्रे खाली ठेवला, टोपी सारखी केली, आणि आधी सगळी गोष्ट ऐकून घेतली. त्यांच्या शंका अनेक. पोराचे आईबाप कुठे? होडीचं पुढे कोण बघणार? शहरात खोली घेतली आहे की कुणा गाववाल्याकडे उतरणार? पगार सुरू की आधी शिकाऊ? मी एकेक प्रश्न इंग्रजीतून बाईंना विचारत होतो. बाई इतकी वर्षं सोता बोलत होत्या, पण सोता शहरात जेवणार कुठे हे त्यांनाही ठाऊक नव्हतं. त्यांनी मान हलवून सांगितलं, की गाववाल्याकडे. चाचांना बरं वाटलं.

मग मी सांगितलं, की आता म्हणायचं, जा.

“मी नाय बोलनार,” चाचा म्हणाले.

मला वाटलं, लाजताहेत. तसं नव्हतं. “साळवी, घरातून निगालेल्या पोराला कोन ‘जा’ बोलतो? तुमी तरी बोलाल काय? मी पयल्यांदा निगालो तेवा माज्या बापानं मना ‘जाऊन ये’ असा सांगितलान. जा बोलला असता तर मी गाडीत चढलोच नसतो.” मी म्हटलं, चाचा, हे खोटंखोटं आहे, कार्टून आहे. ते म्हणाले, “पोरगा तर खरा बोलतोय ना?” आमच्या देवरुखातही निघताना कुणी ‘जातो’ म्हटलं तर आई उंबऱ्यात अडवायची आणि ‘येतो’ म्हणायला लावून मगच सोडायची.

बाईंना घाई होती, एसी बंद होता, मी म्हटलं, बोला काय बोलायचं ते. तसंही चाचांचं बोलणं सिनेमात जाणार नव्हतं. ते फक्त बाईंना समोर माणूस दिसावा म्हणून. मुद्रण सुरू केलं. सवयीने चाचांचा माइकही चालू ठेवला.

चित्र पडद्यावर आलं. सोता फळीवर चढला. चाचांनी जरा वेळ त्याच्याकडे बघितलं. मग हळूच म्हणाले, “जाऊन ये हां, बाळा.”

बाईंनी वळून माझ्याकडे काचेतून बघितलं. मुद्रण थांबवा असा हात केला आणि विचारलं, हे काय म्हणाले? मी सांगितलं, ते जा म्हणत नाहीत. आमच्याकडे निघालेल्याला जा म्हणणं वाईट समजतात. ‘जा आणि परत ये’ असं म्हणाले. बाईंनी हातातला कागद खाली ठेवला. त्या म्हणाल्या, की हे जपानीतही आहे. रोज सकाळी, प्रत्येक घराच्या दारात. जाणारा म्हणतो ‘इत्तेकिमास’, म्हणजे जाऊन येतो, आणि घरातला म्हणतो ‘इत्तेराश्शाय’, जाऊन ये. “स्टुडिओतून निघताना आमचे आजोबा मला तेच म्हणायचे,” त्या म्हणाल्या. “मी बहरीनला निघाले त्या दिवशीही म्हणाले होते.”

मग म्हणाल्या, पुन्हा घ्या.

चाचा पुन्हा म्हणाले, “जाऊन ये हां, बाळा.” आणि सोताने उत्तर दिलं. सायोनारा नाही. तो म्हणाला, “इत्तेकिमास.” दम लागलेला नव्हता, ओरडला नव्हता. ज्याला रडू येतंय आणि ते कुणाला कळू द्यायचं नाही असा दहा वर्षांचा मुलगा जसा बोलेल तसा बोलला. चाचांनी खिशातला रुमाल काढला आणि नाक शिंकरलं. ते वाक्य संपल्यावर शिंकरलं हे नशीब. मीही काचेच्या अलीकडे चष्मा पुसला. मला रडू आलं होतं, आणि त्याची लाज वाटली नाही.

लाज नाही, पण भीती वाटली. कारण बाईंच्या धंद्यात लेखकाचं वाक्य बदलणं म्हणजे मोठा गुन्हा. एवढ्या वर्षांत त्यांनी एक अक्षर इकडचं तिकडे केलं नव्हतं, आणि आता नोकरी टांगणीला लागलेली असताना सिनेमाचा शेवटचा शब्दच बदलला. मी म्हटलं, हरकत नाही, आता याच भावात सायोनारा म्हणा, तो पाठवू. त्यांनी म्हटला. खरंच चांगला झाला, आधीच्या सगळ्यांपेक्षा. दोन्ही पाठोपाठ ऐकले. सायोनारा पाठवला असता तर काम पक्कं होतं. मी तो वेगळा काढूनही ठेवला. एक मला दिसलं होतं ते मी सांगितलं: त्या वाक्याला सोता पाठमोरा आहे, ओठ दिसत नाहीत, म्हणजे चित्राच्या बाजूने दुसरा शब्दही बसतो. एरवी कार्टूनमध्ये तोंड जितक्या वेळा उघडतं तितक्याच शब्दांत बोलावं लागतं, तिथे कुणाचीच डाळ शिजत नाही. पण चित्र चालेल म्हणून लेखक चालवून घेईल असं थोडंच आहे.

बाई दाराशी गेल्या, परत आल्या. म्हणाल्या, “सायोनारा चांगला आहे, पण तो मी म्हटला. दुसरा सोताने म्हटला.” त्यांनी तेवढा एकच पाठवायला लावला. सोबत सगळी हकिकत सांगून माफीची चिठ्ठी लिहिली, आणि लिहिता लिहिता खुर्चीतल्या खुर्चीत वाकत होत्या.

नंतरचे दिवस फार वाईट गेले. टोकियोकडून काहीच नाही. बू अली रोज विचारायचे, आणि मी इंशाल्ला म्हणायचो. कासमचाचांना आपल्यामुळे बायचं काम जातंय असं वाटायला लागलं. ते मला म्हणाले, की त्यांना कळवा, म्हातारा अडाणी होता, चुकून बोलला. मग एक दिवस विचारणा आली. बाई ज्यांच्याशी बोलत होत्या त्या गृहस्थांचा आवाज आम्हाला ऐकायचा आहे. माझ्याजवळ तो होता, सवयीने उतरवलेला. मी पाठवला, रुमालासकट.

शेवटी ज्या दिवशी उत्तर आलं, त्या दिवशी बाई ते घेऊन स्वतः स्टुडिओत आल्या. काम काही नव्हतं, नुसत्या आल्या. आम्ही सगळे खोलीत जमलो. त्यांनी इंग्रजीतून सांगितलं. लेखक आधी फार चिडला होता. मग त्याने चाचांचं ऐकलं, त्याला भाषा कळली नाही, पण पुन्हा पुन्हा ऐकलं म्हणे. आणि शेवट बदलला. नव्या आजोबांना पुन्हा स्टुडिओत बोलावलं, त्यांना चाचांचा आवाज ऐकवला, आणि त्यांच्याकडून ‘जा’ ऐवजी ‘जाऊन ये’ म्हणवून घेतलं. सिनेमा बाईंचाच. आणि पुढे असंही लिहिलं होतं, की तुम्ही स्वतः थांबेपर्यंत सोता तुमचाच राहील.

बू अली उठून टाळ्या वाजवायला लागले. मी कासमचाचांना मराठीत सगळं सांगितलं. टोकियोतला मोठा नट आपलं ऐकून बोलला, यात त्यांना फारसं नवल वाटलं नाही. दाभोळच्या कुठल्याही म्हाताऱ्याने हेच सांगितलं असतं, असं त्यांचं म्हणणं. बायचं काम राहिलं याचा मात्र त्यांना इतका आनंद झाला की ते चहा टाकायला धावले.

बाईंनी त्यांना हाताने थांबवलं. म्हणाल्या, मी त्यांना कळवलं आहे की आता मी थांबते.

मला वाटलं, इंग्रजीत काहीतरी चुकलं. मी पुन्हा विचारलं. इतकी धडपड केली ती यासाठी का? माझा आवाज चढला असावा. मला खरंच राग आला होता, आपलं काही काढून घेतल्यासारखा. बाई शांतपणे म्हणाल्या, की धडपड सोता घरातून नीट निघावा म्हणून होती. तो आता निघाला. मुलं घरून गेली की तशीच्या तशी परत येत नाहीत; तुम्हाला माहीत आहे, तुम्ही नि चाचा तसेच घर सोडून आला आहात. “तो परत येईल तेव्हा त्याला मिशी असेल,” त्या म्हणाल्या. “मिशीचा आवाज मला येत नाही.”

मी भाषांतर करून चाचांना सांगितलं. चाचांनी नीट ऐकून घेतलं, दाढीवरून हात फिरवला आणि गंभीरपणे म्हणाले, “साळवी, बायला सांगा, मिशी काय, रोज सकाळी काढता येते. टोकियोत न्हावी नायत काय?”

मी ते इंग्रजीतून सांगितलं. बाई क्षणभर चाचांकडे बघत राहिल्या आणि मग हसायला लागल्या. आणि हसल्या त्या मिचिकोबाई नव्हत्या. पोट धरून, एक दात पडलेला, मधेच उचकी लागून पुन्हा फुटणारा तो पोरगा होता, आणि त्याला कुणी सांगितलेलं नव्हतं, कुठल्या कागदावर लिहिलेलं नव्हतं. इतक्या दिवसांत तो असा कधी हसला नव्हता. माझा हात आपोआप यंत्राकडे गेला. मुद्रणाचा दिवा लागलेला नव्हता. त्या दिवशी काम नाही म्हणून मी मुद्रण सुरूच केलं नव्हतं.